मेजर टेलर: एकाच कारकिर्दीतील इतक्या वेगवेगळ्या शर्यतींचा मेळ कसा घालावा?

प्रश्न

सायकल शर्यतींच्या सुरुवातीच्या काळातील अमेरिकन खेळाडू मार्शल वॉल्टर टेलर, म्हणजेच ‘मेजर’ टेलर, याच्या कारकिर्दीचा वर्षवार तक्ता मी तयार करीत आहे. मुख्य टप्पे जुळले आहेत. २६ नोव्हेंबर १८७८ रोजी इंडियानापोलिस येथे जन्म. सायकलच्या दुकानासमोर सैनिकी गणवेशात कसरती करून दाखवण्याचे काम आणि त्यातून चिकटलेले ‘मेजर’ हे नाव. १८९६ च्या डिसेंबरात न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये व्यावसायिक पदार्पण. १० ऑगस्ट १८९९ रोजी माँट्रियल येथे एक मैलाचे जागतिक विजेतेपद. १९०० मध्ये अमेरिकेचे स्प्रिंट विजेतेपद. १९०१ चा युरोप दौरा. मग ऑस्ट्रेलियाचे दोन दौरे, सुमारे तीन वर्षांचा खंड, १९०७ मधील पुनरागमन आणि १९१० मधील निवृत्ती.

अडचण अशी की हे सारे एकाखाली एक लिहिले की त्यातून खेळाडू म्हणून त्याचे चित्र उभे राहत नाही. ज्याला जगातील सर्वांत वेगवान सायकलपटू म्हटले गेले त्याच्या नावावर जागतिक विजेतेपद एकदाच कसे? ज्याने एक मैल १ मिनिट १९ सेकंदांत कापल्याची नोंद आहे, तो त्याच वर्षीच्या इतर शर्यतींत त्याहून कितीतरी संथ वेळेत कसा जिंकतो? त्याच्याविषयीचे बहुतेक लेखन त्याला सोसाव्या लागलेल्या वर्णद्वेषाची हकिकत सांगते. ती सांगितलीच पाहिजे, परंतु ट्रॅकवर उतरल्यानंतर तो नेमके काय करीत असे, हे त्यातून कळत नाही. या विषयाचा अभ्यास असलेल्यांनी कृपया मार्गदर्शन करावे.

प्रतिसाद १

आपल्या अडचणीचे मूळ शर्यतींच्या प्रकारांत आहे. म्हणून आधी त्या काळची स्प्रिंट कशी चालत असे, ते सविस्तर सांगतो.

ट्रॅकवरच्या सायकलला एकच गिअर असे, ब्रेक नसत आणि मागचे चाक पेडलशी असे जखडलेले असे की सायकल धावत असेपर्यंत पाय थांबवता येत नसत. शर्यत एक मैलाची असली तरी तिचा बराच भाग मुद्दाम संथ काढला जाई, कारण पुढे असणाऱ्याला हवा कापावी लागते आणि त्याच्या मागच्या चाकाला लागून येणाऱ्याचे श्रम वाचतात. पुढे कोणी व्हायचे यावरून डावपेच चालत, आणि निकाल शेवटच्या काहीशे यार्डांत लागे. या प्रकारात संपूर्ण मैलाची वेळ फारसे काही सांगत नाही. कोण कोणाच्या पुढे आला, एवढाच निकाल खरा. आपल्या दुसऱ्या शंकेचे निम्मे उत्तर यातच आहे.

टेलरची ताकद होती ती शेवटच्या भागातील झेपेत. संथ चालीवरून पूर्ण वेगावर तो पेडलच्या इतक्या थोड्या फेऱ्यांत पोहोचे की शेजारच्याला प्रत्युत्तर देईपर्यंत अंतर पडलेले असे. या झेपेला त्याच्या बसण्याच्या पद्धतीची जोड होती. हँडल पुढे सरकवून बसवता येईल असा लांब स्टेम, म्हणजे हँडल सायकलला जोडणारा दांडा, तो वापरीत असे. त्यामुळे पाठ सपाट राही, वजन पुढे जाई आणि छातीवर येणारी हवा कमी होई. त्या प्रकारच्या स्टेमला ट्रॅकवरची मंडळी आजही त्याच्याच नावाने ओळखतात.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. अमेरिकेतील खुल्या शर्यतींच्या अंतिम फेरीत दोनाहून अधिक सायकलपटू असत, आणि तेथे दोघातिघांनी संगनमत केले की एकट्याला कोंडणे सोपे होते. एक जण त्याच्या पुढे आतल्या कडेने चालतो, दुसरा त्याच्या बाहेरच्या खांद्याशी राहतो, आणि मधला माणूस पाय कितीही जोरात असले तरी बाहेर पडू शकत नाही. गोरे सायकलपटू टेलरविरुद्ध हे नियमितपणे करीत. यातून सुटण्याचे दोनच मार्ग होते. पहिला, फार लवकर पुढे निघून शेवटपर्यंत एकट्याने हवा कापणे आणि मागे लागलेल्या सगळ्यांना आयता आडोसा देणे. दुसरा, अगदी मागे राहून शेवटी सर्वांच्या बाहेरून वळसा घेणे. या वळशाची किंमत भूमितीने ठरलेली आहे: वळणांवर एक मीटर बाहेरून चालणाऱ्याला, ट्रॅक लहान असो वा मोठा, पूर्ण फेरीत सुमारे सव्वासहा मीटर जास्त अंतर कापावे लागते. जेथे विजय कित्येकदा चाकाच्या रुंदीने ठरतो, तेथे हे अंतर प्रचंड आहे. त्याची झेप इतकी आखूड आणि तीव्र होण्यामागे या कोंडीचा मोठा हात होता, असे मला ठामपणे वाटते. क्षणभर फट दिसली की तिच्यातून निघायचे, नाही तर ती मिटणार, हे त्याला पक्के ठाऊक होते.

आता दोघांच्याच शर्यतींचा विचार करा. तेथे संगनमत करायला तिसरा माणूसच नसतो. डिसेंबर १९०० मध्ये मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये त्याने टॉम कूपर या अमेरिकन प्रतिस्पर्ध्याला असेच समोरासमोर हरवले. १९०१ मध्ये पॅरिसच्या पार्क दे प्रॅन्स ट्रॅकवर एडमाँ जॅकलँ या १९०० च्या जगज्जेत्याशी त्याच्या दोन लढती झाल्या. १६ मे रोजी, गारठ्यात, तो हरला, आणि २७ मे रोजी त्याने सरळ दोन फेऱ्यांत परतफेड केली. तक्त्यात या लढतींना ‘प्रदर्शनीय सामने’ म्हणून खाली ढकलण्याचा मोह टाळावा. टेलरचा खरा वेग मोजण्याची सर्वांत स्वच्छ संधी त्यांतच मिळते.

म्हणून वर्णद्वेषाची हकिकत एका बाजूला आणि खेळाची हकिकत दुसऱ्या बाजूला, अशी फोड येथे करता येणार नाही. त्या द्वेषाला ट्रॅकवर किती वाव मिळतो, हे शर्यतीचा प्रकार ठरवीत असे. टाँटन, मॅसॅच्युसेट्स येथे सप्टेंबर १८९७ मध्ये शर्यत संपताच विल्यम बेकर या प्रतिस्पर्ध्याने त्याचा गळा आवळला. पोलिसांना मध्ये पडावे लागले आणि टेलर बराच वेळ बेशुद्ध होता. बेकरला शिक्षा झाली ती ५० डॉलरच्या दंडाची. ही घटना सर्वत्र वाचायला मिळते, कारण ती डोळ्यांना दिसणारी होती. शर्यत चालू असताना प्रत्येक वळणावर होणारी कोंडी मात्र निकालपत्रात कोठेच दिसत नाही. तेथे फक्त ‘टेलर, तिसरा’ एवढेच लिहिलेले असते.

प्रश्नकर्त्याचा प्रतिसाद

अतिशय आभारी आहे. कोंडी आणि दोघांची शर्यत यांतील फरक या दृष्टीने मी पाहिलाच नव्हता. १ मिनिट १९ सेकंदांच्या विक्रमाविषयी आणखी कोणी लिहू शकेल का? तो ‘त्याचा’ वेग मानावा की त्याच्या पुढे धावणाऱ्या यंत्राचा? तसेच पदार्पणाच्या वेळच्या, सहा दिवसांत जास्तीत जास्त अंतर कापण्याच्या, शर्यतीला तक्त्यात कोठे जागा द्यावी?

प्रतिसाद २

तो विक्रम नोव्हेंबर १८९९ मधील शिकागोचा. मैलाला ७९ सेकंद म्हणजे ताशी सुमारे ७३ किलोमीटर. ही वेळ वाफेच्या यंत्रावर चालणाऱ्या गाडीमागे राहून दिलेली आहे, आणि ही बाब तक्त्यात त्या आकड्याला लागूनच लिहिली पाहिजे.

सपाट ट्रॅकवर वेगात चाललेल्या सायकलपटूची बहुतेक शक्ती हवेचा विरोध मोडण्यात जाते, आणि त्यासाठी लागणारी शक्ती वेगाच्या घनाच्या प्रमाणात वाढते: वेग दुप्पट करायचा तर आठपट शक्ती हवी. पुढे मोठे वाहन असले की त्याच्या पाठीशी हवा जवळजवळ त्याच्याच वेगाने पुढे सरकत असते, त्यामुळे मागच्याचा हा खर्च एकदम खाली येतो. त्या दशकात पुढे दोन, चार, पाच जणांची लांब सायकल धावत असे. नंतर वाफेची आणि पेट्रोलची यंत्रे आली आणि आकडे झपाट्याने उतरले. याचे टोक त्याच वर्षी जूनमध्ये दिसले, जेव्हा चार्ल्स मर्फी याने लाँग आयलंडवर आगगाडीच्या डब्यामागे, रुळांमध्ये घातलेल्या फळ्यांवरून, एक मैल ५७.८ सेकंदांत कापला. म्हणून मर्फी टेलरपेक्षा श्रेष्ठ सायकलपटू होता असे कोणी म्हटले नाही, आणि ते बरोबरच होते.

तरीही टेलरचा तो विक्रम यंत्राच्या खात्यावर टाकून मोकळे होणे मला मान्य नाही. त्या वेगाला पाय किती जलद फिरवावे लागतात, आणि पुढच्या वाहनाचा आडोसा हातभर अंतराने जरी सुटला तरी हवेची भिंत अंगावर कशी येते, याचा विचार करावा. लाकडी किंवा सिमेंटच्या कललेल्या वळणांवर, ब्रेकशिवाय, धडधडणाऱ्या यंत्राच्या इतक्या जवळ स्थिर राहणे हे स्वतंत्र कौशल्य होते. अशा मागोमाग धावण्यात त्या काळी अनेकांचे प्राण गेले. टेलरने १८९८ आणि १८९९ मध्ये पाव मैलापासून पुढच्या अनेक अंतरांवर विक्रम केले. ते सर्व ‘पेसरसह’, म्हणजे पुढे धावून आडोसा देणाऱ्या वाहनासह, अशा वेगळ्या रकान्यात ठेवावेत आणि स्प्रिंटच्या निकालांशी त्यांची तुलना करू नये.

सहा दिवसांच्या शर्यतीविषयी माझे मत निराळे आहे. तिला वर्षवार तक्त्यात मानाची जागा असावी. डिसेंबर १८९६ मध्ये तो नुकता १८ वर्षांचा झाला होता. त्याच सोहळ्यातील अर्ध्या मैलाच्या शर्यतीत त्याने एडी बाल्ड या नामांकित विजेत्याला मागे टाकले, आणि लगेच सहा दिवसांच्या शर्यतीत उतरून १,७३२ मैल, म्हणजे सुमारे २,७८७ किलोमीटर अंतर कापत आठवा क्रमांक मिळवला. तेव्हा ही शर्यत एकेकट्याची असे. विश्रांती घ्यायची तर घड्याळ चालूच राही, आणि शेवटच्या दिवसांत थकवा व झोपेचा अभाव यांमुळे भास होण्यापर्यंत सायकलपटूंची अवस्था जाई. पुढे न्यूयॉर्कच्या कायद्याने एका माणसाला दिवसात १२ तासांहून अधिक शर्यतीवर राहण्यास मनाई केली आणि त्यातून दोघांच्या जोडीची पद्धत आली. जन्मजात स्प्रिंटरने पदार्पणातच हे पार पाडले, यावरून त्याच्या जिद्दीची कल्पना येते. पुन्हा तो त्या वाटेला गेला नाही, हा निर्णयही शहाणपणाचाच म्हणावा लागेल.

प्रतिसाद ३

जागतिक विजेतेपद एकदाच का, या पहिल्या शंकेकडे अजून कोणी वळलेले नाही, म्हणून लिहीत आहे.

याची दोन कारणे आहेत. एक संघटनांचे राजकारण, आणि दुसरे रविवार.

लीग ऑफ अमेरिकन व्हीलमेन या सायकलपटूंच्या संघटनेने १८९४ मध्ये आपले सदस्यत्व केवळ गोऱ्यांपुरते मर्यादित केले. मात्र सदस्यत्व आणि शर्यतीचा परवाना या दोन स्वतंत्र बाबी होत्या, आणि टेलर त्या परवान्याच्या आधारे खेळत राहिला. १८९८ मध्ये बहुसंख्य व्यावसायिक सायकलपटू लीगमधून फुटले. टेलर काही काळ त्यांच्याबरोबर गेला, पण रविवारच्या शर्यतींवरून बिनसले आणि १८९९ चा हंगाम तो लीगच्या छत्राखाली खेळला. परिणामी त्या वर्षी अमेरिकेत दोन राष्ट्रीय विजेते झाले: लीगचा टेलर, आणि फुटलेल्या नॅशनल सायकलिंग असोसिएशनचा टॉम कूपर. टेलरने मोठ्या प्रतिस्पर्ध्यांना टाळले, असा आक्षेप तेव्हा घेतला जाई. १९०० मध्ये लीगने शर्यतींचा कारभार सोडला, टेलरला दुसऱ्या संघटनेत यावे लागले, आणि तेथे सर्वांच्या समोर त्याने राष्ट्रीय विजेतेपद मिळवले. वर उल्लेख झालेली डिसेंबर १९०० ची कूपरशी लढत या पार्श्वभूमीवर पाहिली की तिचे वजन लक्षात येते.

माँट्रियलच्या विजेतेपदाचे मोलही यामुळे कमी होत नाही. तेथे दुसरा आलेला टॉम बटलर आणि तिसरा आलेला फ्रान्सचा कूर्ब दूत्रलाँ हे दोघेही तोलामोलाचे होते. कॅनडाचा मुष्टियोद्धा जॉर्ज डिक्सन याच्यानंतर कोणत्याही खेळात जगज्जेता झालेला टेलर हा दुसरा कृष्णवर्णीय खेळाडू मानला जातो.

आता रविवारविषयी. टेलर बाप्टिस्ट पंथाचा श्रद्धाळू ख्रिस्ती होता आणि रविवारी शर्यत खेळत नसे. युरोपात मोठ्या शर्यती रविवारीच होत, कारण प्रेक्षकांना सुट्टी तेव्हाच असे. त्यामुळे मोठमोठ्या रकमांची आमंत्रणे येऊनही त्याने ती नाकारली. १९०१ चा दौरा ठरला तो रविवारी खेळावे लागणार नाही, हे करारात मान्य झाल्यावरच. आपण जॅकलँशी झालेल्या लढतींच्या तारखा पंचांगाशी ताडून पाहा: १६ मे १९०१ हा गुरुवार, येशूच्या स्वर्गारोहणाचा सण, २७ मे हा सोमवार, पेंटेकॉस्ट या ख्रिस्ती सणाच्या रविवारनंतरचा सुट्टीचा दिवस. आयोजकांना रविवार वगळून गर्दीचे दिवस शोधावे लागले आणि त्यांनी ते सणांमध्ये शोधले. एका खेळाडूच्या श्रद्धेसाठी पॅरिसमधील आयोजकांनी वेळापत्रक बदलावे, हे मला त्याच्या कारकिर्दीतील सर्वांत मोठ्या विजयांपैकी एक वाटते. कारकिर्दीच्या अखेरीस, पुनरागमनाच्या वर्षांत, त्याने हा नियम शिथिल केला. तेव्हा तो तिशीच्या आसपास होता आणि घरची जबाबदारी वाढलेली होती. त्यासाठी त्याला दोष देणे मला न्याय्य वाटत नाही.

१९०१ ते १९०३ अशी तीन वर्षे जागतिक विजेता ठरलेला डेन्मार्कचा थोरवाल्ड एलेगार्ड याच्याशीही टेलरच्या लढती युरोपात झाल्या. तेव्हा एलेगार्डच्या नावापुढे ही तीन वर्षे आणि टेलरच्या नावापुढे एक, एवढ्यावरून श्रेष्ठत्व ठरवू नये.

प्रतिसाद ४

ऑस्ट्रेलिया आणि नंतरच्या काळाविषयी थोडी भर घालतो.

तो डिसेंबर १९०२ मध्ये सिडनीत पोहोचला. तेथे अनेक मोठ्या शर्यती हँडिकॅप पद्धतीच्या होत्या: कमी दर्जाच्या सायकलपटूंना पुढून सुरुवात मिळे आणि टेलरसारख्याला सर्वांत मागून निघावे लागे. मागून निघालेल्यांनी आळीपाळीने पुढे राहून एकमेकांना साथ दिली तरच पुढचे हाती लागत, आणि टेलरला अशी साथ सहसा मिळत नसे. म्हणून तेथील हँडिकॅप शर्यतींतील पराभव स्प्रिंटमधील पराभवांत मिसळू नयेत. दुसऱ्या दौऱ्यात फ्लॉइड मॅकफार्लंड आणि आयव्हर लॉसन हे अमेरिकन प्रतिस्पर्धी तेथे आले आणि कोंडीचे तेच तंत्रही आले. फेब्रुवारी १९०४ मध्ये मेलबर्न येथे लॉसनच्या धडकेने टेलर जोरात पडला आणि लॉसनवर बंदीची कारवाई झाली. तोच लॉसन त्या वर्षी लंडनमध्ये जगज्जेता झाला. मे १९०४ मध्ये टेलर आणि त्याची पत्नी डेझी यांना कन्या झाली. सिडनीत जन्मली म्हणून तिचे नाव रीटा सिडनी ठेवले गेले. त्यानंतरचा खंड हा शरीर आणि मन दोन्ही थकल्यामुळे पडलेला आहे. तक्त्यात तो रिकामा न सोडता तसे नमूद करावे.

निवृत्तीनंतर व्यवसायांत पैसा गेला, १९२८ मध्ये त्याने स्वखर्चाने आत्मचरित्र छापले आणि त्याच्या प्रती दारोदार फिरून विकल्या. २१ जून १९३२ रोजी शिकागोतील कुक काउंटी रुग्णालयाच्या धर्मादाय विभागात त्याचे निधन झाले आणि दफन बेवारसांच्या जागेत झाले. १९४८ मध्ये जुन्या व्यावसायिक सायकलपटूंनी, सायकल कारखानदार फ्रँक श्विन यांच्या आर्थिक मदतीने, त्याचे अवशेष माउंट ग्लेनवुड दफनभूमीतच योग्य जागी हलवून तेथे धातूचा फलक बसवला. इंडियानापोलिस येथे १९८२ मध्ये सुरू झालेल्या वेलोड्रोमला, म्हणजे सायकल शर्यतींच्या ट्रॅकला, त्याचे नाव आहे.

प्रश्नकर्त्याचा प्रतिसाद

सर्वांचा ऋणी आहे. आता तक्ता चार स्वतंत्र भागांत करतो: खुल्या स्प्रिंट, दोघांच्या लढती, हँडिकॅप आणि पेसरसह केलेले विक्रम. सहा दिवसांची शर्यत १८९६ च्या नोंदीत ठळकपणे राहील.

प्रतिसाद १ लिहिणाऱ्याची पुरवणी

या चार भागांबरोबर आणखी एक रकाना आवर्जून ठेवा: प्रवेश नाकारला गेलेल्या शर्यती. १८९६ च्या उन्हाळ्यात इंडियानापोलिसच्या ट्रॅकवर त्याने अनौपचारिकपणे विक्रमी वेळ दिली, पण ती मान्य झाली नाही आणि तो ट्रॅक त्याला बंद झाला. १८९७ मध्ये राष्ट्रीय विजेतेपद हंगामभराच्या गुणांवर ठरत होते आणि दक्षिणेतील आयोजकांनी त्याचे प्रवेशअर्ज परत केले, त्यामुळे ते गुण त्याला मिळणे शक्यच नव्हते. १८९८ च्या सुरुवातीला जॉर्जियातील सव्हाना येथे सराव करताना धमकीचे पत्र आले आणि त्याला ते शहर सोडावे लागले. हा रकाना नसेल, तर आपला तक्ता वाचणारा १८९७ च्या उत्तरार्धातील रिकाम्या ओळी पाहून त्याचा फॉर्म गेला होता असे समजेल.